कलिन्यातील पुनर्विकास आणि २६ जुलैची रेघ : जोते किती उंच घ्यावे?

कलिनाकर (मूळ प्रश्न)

आमची सोसायटी मुंबईत, सांताक्रूझ पूर्वेच्या कलिन्यात, वाकोला नाल्यापासून चालत पाच मिनिटांच्या अंतरावर आहे. तळमजला अधिक तीन मजले अशा दोन जुन्या इमारती आहेत आणि पुनर्विकासाचा ठराव सर्वसाधारण सभेत मंजूर झाला आहे. वास्तुविशारदाने दाखवलेल्या आराखड्यात दोन स्तरांचे तळघर आहे. त्यात वाहनतळ, पाण्याचे पंप आणि विजेची मीटर खोली दाखवली असून जोते रस्त्यापासून ६० सेंटीमीटर उंच धरले आहे.

२६ जुलै २००५ रोजी आमच्या जिन्यात पाणी आठव्या पायरीपर्यंत चढले होते. पाणी ओसरल्यावर वडिलांनी भिंतीवरच्या चिखलाच्या काठावर पेन्सिलने रेघ ओढली आणि खाली तारीख लिहिली. त्यानंतर इमारतीला तीनदा रंग लागला, पण प्रत्येक वेळी रंगाऱ्याला तेवढी वीतभर जागा सोडायला सांगितली गेली. सभेत मी त्या रेघेचा विषय काढला तेव्हा विकासकाच्या प्रतिनिधीने शांतपणे सांगितले की, तसा पाऊस शंभर वर्षांतून एखाद्या वेळी पडतो, शिवाय मिठी नदी आता रुंद आणि खोल झालेली आहे, त्यामुळे त्या रेघेवरून इमारत आखणे म्हणजे सभासदांचे पैसे पाण्यात घालणे होय. (शब्द त्यांचेच आहेत. त्यातला विनोद त्यांच्या लक्षात आला नसावा.)

निम्म्या सभासदांना त्यांचे म्हणणे पटले. मला तीन गोष्टी समजून घ्यायच्या आहेत. त्या दिवशीच्या पुराला पाऊस किती कारणीभूत होता आणि नदीची आपण केलेली अवस्था किती? गेल्या वीस वर्षांत जे काम झाले त्याने आमच्यासारख्या ठिकाणचा धोका खरोखर कमी झाला आहे का? आणि ती रेघ प्रमाण मानावी की सोडून द्यावी? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे, कारण पुढच्या सभेला तीन आठवडेच उरले आहेत.

ओहोटीची_वाट

मी स्थापत्य अभियंता असून नोकरीची बरीच वर्षे पर्जन्यजलवाहिन्यांच्या आखणीत गेली, म्हणून थोडे लांबलचक लिहितो आहे.

पाऊस असामान्य होता, यात वाद नाही. २७ जुलैच्या सकाळी साडेआठपर्यंतच्या चोवीस तासांत सांताक्रूझ वेधशाळेत ९४४ मिलिमीटर पावसाची नोंद झाली, आणि त्याच काळात कुलाब्याला जेमतेम ७४ मिलिमीटर पडला. म्हणजे फोर्टातल्या कचेऱ्यांमध्ये बसलेल्या माणसांना उपनगरांत काय चालले आहे याचा अंदाजच येत नव्हता, आणि दुपारी कार्यालये सोडून दिल्यावर लाखो लोक नेमके पाण्याच्या दिशेने घरी निघाले. आता हा आकडा नदीच्या भाषेत मांडून पाहू. मिठीचे पाणलोट क्षेत्र सुमारे ७३ चौरस किलोमीटर आहे. त्यावर सर्वत्र सांताक्रूझइतका पाऊस पडला असे ढोबळपणे धरले, तर जवळजवळ ६,९०० कोटी लिटर पाणी होते. विहार तलाव काठोकाठ भरतो तेव्हा त्यात सुमारे २,७७० कोटी लिटर पाणी मावते. एका दिवसात अडीच विहार तलाव आकाशातून ओतले गेले, आणि ते सारे पाणी अठरा किलोमीटरही पुरती लांबी नसलेल्या एका नदीने माहीमच्या खाडीपर्यंत न्यायचे होते.

पण हे गणित इथेच थांबवले तर विकासकाचे म्हणणे खरे ठरते, आणि ते अर्धेच खरे आहे.

शहराच्या जुन्या पर्जन्यजलवाहिन्या तासाला २५ मिलिमीटर पाऊस वाहून नेण्याच्या हिशेबाने बांधलेल्या होत्या, आणि तोही ओहोटीच्या वेळचा हिशेब होता. शिवाय पडलेल्या पावसापैकी निम्मे पाणी जमिनीत मुरेल असे त्यात गृहीत धरलेले होते. ज्या काळात सांताक्रूझ म्हणजे बागा आणि भातशेती होती, त्या काळाला ते गृहीतक शोभले. पुढे अंगणांत फरशी बसली, शेतांत इमारती उभ्या राहिल्या, आणि मुरणारे पाणीही वाहिन्यांच्याच वाट्याला आले. हे कोणाला कळले नव्हते असेही नाही. १९८५ च्या पुरानंतर महापालिकेने नेमलेल्या सल्लागारांचा ‘ब्रिमस्टोवॅड’ अहवाल १९९३ मध्ये आला. वाहिन्यांची क्षमता तासाला ५० मिलिमीटर करावी, पाणी मुरेल हे गृहीतक सोडून द्यावे आणि समुद्रात पाणी उपसून टाकणारी उदंचन केंद्रे बांधावीत, असे त्यात स्पष्ट लिहिले होते. बारा वर्षे त्यातले थोडेच प्रत्यक्षात उतरले. २६ जुलैच्या दुपारी एका तासात १९० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडला, तेव्हा सगळा अहवाल अमलात आला असता तरी शहर बुडालेच असते हे मान्य करू. मात्र पाणी किती चढते आणि किती तास राहते, या दोन्ही गोष्टी वेगळ्या झाल्या असत्या.

त्यात भरतीची वेळ आड आली. त्या दिवशी दुपारी पावणेचारच्या सुमारास साडेचार मीटरच्या जवळ जाणारी भरती होती. मुंबईच्या बहुतेक वाहिन्यांची पातमुखे (पाणी समुद्रात सोडणारी तोंडे) भरतीच्या पातळीच्या खाली आहेत, त्यामुळे अशा वेळी पाणी बाहेर जाण्याऐवजी समुद्रच आत डोकावतो. जोराचा पाऊस आणि भरती यांची गाठ पडली की कलिन्यासारख्या ठिकाणी नदीचे पाणी थेट येत नाही, तर फुगवटा येतो. वाकोला नाला वांद्रे-कुर्ला संकुलापाशी (बीकेसी) मिठीला मिळतो. मिठी तुडुंब असली की नाल्याला तोंडच उरत नाही, आणि आपल्याच माथ्यावर पडलेले पाणी आपल्याच दारात उभे राहते. आपल्या जिन्यातली आठवी पायरी हा त्या फुगवट्याचा हिशेब आहे.

आता नदीच्या अवस्थेकडे वळतो. मिठी विहार आणि पवई तलावांच्या सांडव्याखाली सुरू होते, आरे, मरोळ, विमानतळ, कुर्ला, बीकेसी, धारावी असा प्रवास करत माहीमला पोहोचते. उगमाकडे उतार तीव्र आहे आणि कुर्ल्याच्या खाली तो जवळजवळ नाहीसा होतो. अशा नदीला खालच्या टप्प्यात ऐसपैस जागा लागते, कारण तिथे पाणी धावत नाही, पसरते. आपण नेमकी तीच जागा घेतली. विमानतळाच्या धावपट्टीसाठी नदीला काटकोनात वळायला लावले आणि काही भागात झाकले. १९७७ नंतर वांद्रे-कुर्ला संकुलासाठी कांदळवने आणि दलदलीच्या जमिनीवर भराव टाकून तिचे पात्र आवळले. मुखाशी माहीमचा कॉजवे तर १८४५ पासून आहे, आणि त्याच्यामागे रेल्वेचे पूल. काठावर गोदामे, भंगाराची दुकाने, तेलाचे पिंप धुणारे कारखाने आणि झोपड्या आल्या, त्यांचा बोभाटा सर्वाधिक झाला. मात्र नदीचा सर्वांत मोठा तुकडा झोपडीवाल्याने घेतलेला नाही, तो रीतसर मंजुरी घेऊन, नकाशावर रंग भरून घेतला गेला. डॉ. माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखालील सत्यशोधन समितीचा मार्च २००६ चा अहवाल आपल्या सभासदांनी मिळवून वाचावा. त्यात वाहिन्या, पात्र, भराव आणि पूर्वसूचना या सगळ्यांचा एकत्र विचार आहे.

आपल्या दुसऱ्या आणि तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर उद्या लिहितो. आज एवढेच सांगतो की तळघरात मीटर खोली आणि पंप ठेवण्याची सूचना मला रेघेच्या वादापेक्षाही अधिक चिंताजनक वाटते.

काठावरचा

वरील प्रतिसाद अभ्यासपूर्ण आहे, परंतु मला त्यात पश्चातबुद्धी अधिक दिसते. ९४४ मिलिमीटर पाऊस जगातल्या कोणत्या शहराने निमूटपणे वाहून नेला असता? बीकेसी नसते तर शहराच्या दक्षिण टोकावरचा भार कमी झाला नसता, विमानतळ नसता तर उपनगरांत रोजगार आला नसता. या गोष्टींची किंमत मोजावी लागली हे खरे असले, तरी प्रत्येक पुराचे खापर नियोजनावर फोडणे ही आपली सवय झाली आहे. इमारतीचे आयुष्य साठ-सत्तर वर्षे असते. शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या संकटासाठी प्रत्येक सभासदाने आज काही लाख रुपये जास्त मोजावेत का, हा प्रश्न हिशेबाचा आहे, भावनेचा नव्हे. वडिलांच्या हातच्या रेघेबद्दल आदर राखूनच हे म्हणतो.

बैलबाजारकर

मी कुर्ल्याला, नदीच्या काठी वाढलो. तांत्रिक भाग मला कळत नाही, पण पाहिलेले लिहितो.

त्या दिवशी आमच्याकडे पाणी आले ते पावसासारखे वरून आले नाही आणि नदीसारखे एका बाजूनेही आले नाही. ते गटारातून, मोरीतून, संडासातून एकदमच वर आले. आम्ही सामान माळ्यावर चढवेपर्यंत माळ्याला पाणी टेकले. पत्र्यावर बसून रात्र काढली. काळोखात म्हशींचे हंबरणे ऐकू येत होते आणि पहाटेपर्यंत ते थांबले. शेजारच्या दोन घरांतली माणसे गेली. मुंबईत त्या पुरात चारशेहून अधिक माणसे गेली असे पुढे वाचले, साकीनाक्याला तर दरड कोसळून एकाच ठिकाणी सत्तरपेक्षा जास्त. राज्यभरात तो आकडा हजाराच्या पुढे होता.

त्यानंतर नदीला भिंत बांधली. भिंत चांगली आहे, उन्हाळ्यात पोरे तिच्यावर बसतात. पण पूर्वी नदी चढली की पाणी आत यायचे आणि नदी उतरली की तसेच परत जायचे. आता आमच्या गल्लीत पडलेले पाणी भिंतीच्या आतच अडकते आणि पंप येईपर्यंत उभे राहते. काठावरच्या क्रांतीनगरची माणसे तर दर मोठ्या पावसात पातळीच्या आकड्याकडे डोळे लावून बसतात. सप्टेंबर २०१९ मध्ये त्यांना हलवावे लागले, ऑगस्ट २०२५ मध्ये पुन्हा हलवले. दोन्ही वेळा महापालिकेच्या लोकांनी वेळेवर हलवले हे कबूल करतो. २००५ मध्ये आम्हाला सांगायला कोणी नव्हते.

‘काठावरचा’ यांनी हिशेब म्हटला आहे, म्हणून एक विचारतो. कलिनाकरांची इमारत वर उचलली, तिच्या शेजारची उचलली, सगळ्यांनी भराव घालून आपापले अंगण उंच केले, तर तिथले पाणी जाणार कुठे? ते आमच्याकडे येणार. तो खर्च कोणाच्या हिशेबात धरायचा?

ओहोटीची_वाट

‘काठावरचा’ यांच्या आक्षेपाचे उत्तर पावसाच्या नोंदींतच आहे. ९४४ चा आकडा बाजूला ठेवू. २९ ऑगस्ट २०१७ रोजी सांताक्रूझला सुमारे ३३१ मिलिमीटर पाऊस झाला आणि शहर ठप्प झाले. जुलै २०१९ च्या पहिल्या दोन दिवसांत तिथेच चोवीस तासांत ३७५ मिलिमीटर पडला आणि पुन्हा तेच झाले. ऑगस्ट २०२० मध्ये कुलाब्याला ३३१ मिलिमीटरवर पाऊस पडला, तेव्हा २००५ मध्ये कोरडी राहिलेली दक्षिण मुंबईही बुडाली. आपल्या इमारतीची परीक्षा ९४४ घेणार नाही, तीनशे-चारशे मिलिमीटरचे दिवस घेतील, आणि ते शंभर वर्षांतून एकदा येणारे राहिलेले नाहीत. त्यातला एखादा दिवस मोठ्या भरतीशी जुळला म्हणजे झाले.

काम झाले नाही असे मी म्हणणार नाही. ऑगस्ट २००५ मध्येच मिठी नदी विकास व संरक्षण प्राधिकरण नेमले गेले. पात्र रुंद आणि खोल करण्याचे काम कुर्ल्याजवळच्या सीएसटी रस्त्यावरील पुलाच्या वरच्या बाजूस महापालिकेने आणि खालच्या बाजूस मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाने (एमएमआरडीए) केले. हाजी अली, इर्ला, वरळीतील लव्हग्रोव्ह आणि क्लीव्हलँड बंदर, रे रोडचे ब्रिटानिया आणि सांताक्रूझचे गझदरबंध ही उदंचन केंद्रे उभी राहिली. शहरभर स्वयंचलित पर्जन्यमापक बसले, आणि जून २०२० पासून कोणत्या भागात किती पाणी साचेल याचा आगाऊ अंदाज देणारी ‘आयफ्लोज’ यंत्रणा सुरू झाली. माझ्या मते खरी प्रगती पूर्वसूचनेत झाली आहे. नदी मात्र दरवर्षी नव्याने गाळाने भरते आणि दरवर्षी नव्याने उपसावी लागते, कारण वरून येणारा राडारोडा, मैला आणि प्लास्टिक थांबलेले नाही. ‘मिठी आता खोल झाली’ हे वाक्य म्हणूनच मे महिन्यात खरे असते आणि ऑगस्टमध्ये तपासून पाहावे लागते.

बैलबाजारकरांचा मुद्दा या सगळ्या चर्चेत सर्वांत महत्त्वाचा आहे, आणि तो आमच्या व्यवसायातली माणसे सोयीने विसरतात. पुराचे पाणी उंचवट्याने नाहीसे होत नाही, शेजारी सरकते. दादर-परळला हिंदमातापाशी वर्षानुवर्षे वाहिन्या मोठ्या करून भागले नाही, तेव्हा महापालिकेने प्रमोद महाजन कलापार्क आणि सेंट झेवियर मैदान येथे भूमिगत टाक्या बांधल्या. भरतीच्या काळात पाणी तिथे थांबवून ठेवायचे आणि ओहोटी लागली की सोडायचे. पाण्याला तेवढे चार-सहा तास थांबायला जागा दिली की काम होते. पूर्वी ती जागा कांदळवने, तळी आणि भातखाचरे देत असत.

आपल्या प्रश्नापुरते सांगायचे तर, सबंध आवारात भराव घालू नका. इमारत खांबांवर उभी करा आणि खालचा स्टिल्ट मोकळा ठेवा, म्हणजे पाणी आले तर खालून जाईल आणि शेजाऱ्याच्या अंगावर लोटले जाणार नाही. राहता पहिला स्लॅब रेघेच्या वर हवा. मीटर खोली, पंपांचे पॅनेल, जनित्र आणि लिफ्टची यंत्रणा यांतले काहीही रेघेच्या खाली नको. तळघर टाळता आले तर टाळा. नाहीच टाळता आले, तर तळघरात जाणाऱ्या उताराच्या तोंडाशी रेघेइतका उंचवटा मागा. आणि आराखड्यात ‘रस्त्यापासून ६० सेंटीमीटर’ असे लिहू देऊ नका. मुंबईत रस्ता दर काही वर्षांनी वर येतो. सर्व पातळ्या टाउन हॉल डेटमप्रमाणे (मुंबईत उंची मोजण्याची ठरलेली, न बदलणारी आधारपातळी) लिहून घ्या आणि ती रेघही सर्वेक्षकाकडून त्याच मापाने मोजून घ्या. तिची उंची कागदावर आली की भावनेचा आरोप उरणार नाही.

धारावीतील_डॉक्टर

एक छोटी भर. पाण्याची भूमिगत टाकी हा मुद्दा अजून कोणी मांडलेला नाही. पुराचे पाणी मैलापाणी असते आणि टाकीचे झाकण बुडाले की तेच पाणी नळाला येते. २००५ च्या ऑगस्टमध्ये लेप्टोस्पायरोसिस (उंदीर-जनावरांच्या लघवीने दूषित पाण्यातून होणारा ताप) आणि अतिसाराचे रुग्ण आम्ही किती पाहिले, याची आजही आठवण होते. पाणी ओसरल्यावर लोकांना संकट संपल्यासारखे वाटले होते, आणि दहा दिवसांनी तापाची रांग लागली. टाकीचे तोंड रेघेच्या वर घ्या, झाकण घट्ट बसणारे मागा आणि पुराच्या पाण्यातून चालत आलेल्या सभासदांनी, विशेषतः पायाला जखम असल्यास, ताप येण्याची वाट न पाहता डॉक्टरांकडे जावे, अशी सूचना सोसायटीच्या फलकावर दर जूनमध्ये लावा.

काठावरचा

स्टिल्ट आणि मीटर खोलीबद्दलचे म्हणणे मला पटले, कारण त्याचा खर्च फारसा नाही. तळघर रद्द केल्यास वाहनांची जागा घटेल आणि सभासद चिडतील, एवढे मात्र आताच सांगून ठेवतो.

कलिनाकर

सर्वांचे आभार. ओहोटीची_वाट यांच्या सूचनेप्रमाणे रविवारी सर्वेक्षकाला बोलावले. रेघ जिन्याच्या पायथ्यापासून १ मीटर ३० सेंटीमीटरवर निघाली. पण आमच्या मूळ नकाशात जिन्याचा पायथा रस्त्यापेक्षा ४५ सेंटीमीटर उंच दाखवला आहे, आणि आज तो रस्त्याच्या ५ सेंटीमीटर खाली आहे. म्हणजे इतक्या वर्षांत इमारत जागची हलली नाही, रस्ताच अर्धा मीटर वर आला. आज तेवढेच पाणी आले तर ते रस्त्यावर १ मीटर २५ सेंटीमीटर उभे असेल, आणि आराखड्यातले ६० सेंटीमीटरचे जोते त्याच्या निम्म्याखाली राहील. सर्वेक्षकाने या पातळ्या टाउन हॉल डेटमप्रमाणे सही करून दिल्या आहेत.

हा कागद वास्तुविशारदाला दाखवल्यावर त्यांनी मीटर खोली, पंप आणि जनित्र पहिल्या पोडियमवर (जमिनीपासून उचललेल्या वाहनतळाच्या मजल्यावर) नेण्यास लगेच होकार दिला. टाकीचे तोंडही वर घेतले जाईल. तळघराचा एक स्तर रद्द करण्याची आमची मागणी आहे, दुसऱ्याबद्दल ते विकासकाशी बोलून कळवणार आहेत. आवाराच्या भिंतीवरून मात्र वाद पेटला आहे. काही सभासदांना ती दीड मीटर उंच आणि सलग हवी आहे. बैलबाजारकरांचा प्रतिसाद मी छापून घेतला आहे, तो सभेत वाचून दाखवू का, असे त्यांना विचारतो. पुढची सभा १४ तारखेला आहे, रेघेसमोरच्या जिन्यात, कारण आमच्याकडे दुसरी जागा नाही.

बैलबाजारकर

वाचा. नाव घालू नका, गल्लीचे नाव घातले तरी चालेल.